क्रॅक आहे का रे कुणाकडे?

एमएस्सीच्या शेवटच्या वर्षी प्रोजेक्ट सुरू झाला की वर्गाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक प्रश्न ठरलेला असतो: "ओरिजिनचा क्रॅक आहे का रे कुणाकडे?" दहा मिनिटांत कुणीतरी ड्राइव्हची लिंक टाकतं आणि खाली सूचना लिहितं. आधी अँटीव्हायरस बंद कर, नेट काढ, मग पॅच चालव. पुढच्या वर्षी हीच लिंक ज्युनिअर बॅचकडे जाते. म्हणजे आपल्याकडे मुलं नीट ग्राफ काढायला शिकायच्या आधी अँटीव्हायरस बंद करायला शिकतात.

तुम्ही पेट किंवा नेट देऊन पीएचडीला येणार असाल तर हा प्रश्न तुमच्यापर्यंत येईलच, कदाचित आलाही असेल. यावर एरवी जे बोललं जातं ते दोनच प्रकारचं असतं. एक, "पायरसी गुन्हा आहे" अशी दटावणी. दुसरं, "गरीब विद्यार्थ्यानं काय करायचं मग" अशी सारवासारव. दोन्हींत संशोधनाचा मुद्दा येतच नाही. माझं म्हणणं असं आहे की क्रॅक वापरणाऱ्या संशोधकाचं सगळ्यात मोठं नुकसान वेगळंच होतं: "हा निकाल मी असा काढला" हे त्याला पूर्ण आणि उघडपणे सांगता येत नाही. आणि पीएचडीच्या व्हायव्हात आपल्याला तेवढंच तर सांगायचं असतं.

ॲक्टिव्हेटर आत जाऊन काय करतो

मीरा रोडला काय, भाईंदरला काय, जुना लॅपटॉप फॉरमॅटला दिला की बऱ्याचदा तो विंडोज आणि ऑफिस "टाकून" परत येतो. ते चालू कसं झालं, हे आपण विचारत नाही.

मोठ्या संस्थांसाठी मायक्रोसॉफ्टची केएमएस, म्हणजे की मॅनेजमेंट सर्व्हिस, नावाची सोय आहे. संस्थेच्या आतल्या नेटवर्कवर एक सर्व्हर असतो आणि तिथले संगणक त्याच्याकडून ॲक्टिव्हेट होतात. हे ॲक्टिव्हेशन १८० दिवस टिकतं. संगणक मध्येमध्ये सर्व्हरला गाठून मुदत वाढवून घेतो. विंडोजसाठी किमान २५ संगणक असल्याशिवाय ही सोय सुरू होत नाही, यावरूनच ती कुणासाठी आहे ते कळतं. ॲक्टिव्हेटर तुमच्या लॅपटॉपमध्येच असा एक खोटा सर्व्हर उभा करतो, नाहीतर इंटरनेटवरच्या कुणा अनोळखी सर्व्हरकडे लॅपटॉपला वळवतो. मुदत संपू नये म्हणून परत परत आपोआप चालणारा एक टास्क ठेवून जातो. या सगळ्याला ॲडमिनिस्ट्रेटरचे हक्क लागतात. शिवाय अँटीव्हायरस आडवा येऊ नये म्हणून स्वतःचं फोल्डर तपासणीतून वगळून घ्यावं लागतं.

आता हीच यादी चोराच्या बाजूनं वाचा. घराची किल्ली मिळाली, कुत्रा बांधून ठेवला आणि रोज येण्याची परवानगीही मिळाली. त्याला आणखी काय हवं?

विंडोज डिफेंडर अशा टूलला "हॅकटूल" म्हणून पकडतो. ग्रुपवर लगेच कुणीतरी सांगतं, "फॉल्स पॉझिटिव्ह आहे, इग्नोर कर." कधीकधी ते खरंही असतं, फाइलमध्ये ॲक्टिव्हेटरशिवाय दुसरं काही नसतं. पण आत पासवर्ड चोरणारं मालवेअर असलं तरी इशारा साधारण असाच दिसतो, आणि तुम्ही तो आधीच बंद करून बसलेले असता. डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी या सुरक्षा कंपनीनं केएमएसपिकोच्या नावानं फिरणाऱ्या इन्स्टॉलरमधून क्रिप्टबॉट पसरत असल्याचं दाखवलं होतं. क्रिप्टबॉट ब्राउझरमधले साठवलेले पासवर्ड आणि क्रिप्टो वॉलेट उचलतो. ॲक्टिव्हेशन होतं आणि क्रिप्टबॉटही बसतो, त्यामुळे कुणाला शंका येत नाही.

आपल्याकडे अनेक घरांत लॅपटॉप एकच असतो. त्यावर तुमचा एक्सआरडीचा डेटा असतो, बाबांचं नेट बँकिंग असतं आणि बहिणीचा ॲडमिशनचा फॉर्मही तिथूनच भरला जातो. क्रॅक टाकताना तुम्ही त्या सगळ्यांच्या वतीनं निर्णय घेत असता, त्यांना न विचारता.

एका क्रॅकनं अख्खी संस्था बसली

मे २०२१ मध्ये सोफोस या सुरक्षा कंपनीनं एका प्रकरणाचा तपास प्रसिद्ध केला. युरोपातली एक जैवरेण्वीय संशोधन संस्था, कोविडवरही काम करणारी. तिथल्या एका विद्यार्थ्याला डेटा व्हिज्युअलायझेशनचं एक सॉफ्टवेअर स्वतःच्या लॅपटॉपवर हवं होतं. एका व्यक्तीच्या लायसन्सला वर्षाला शेकडो डॉलर पडत होते. त्यानं क्रॅक शोधला. डिफेंडरनं अडवलं, तेव्हा डिफेंडर बंद केला आणि सोबत फायरवॉलही. क्रॅकऐवजी मिळालं पासवर्ड चोरणारं मालवेअर, आणि त्यातून संस्थेच्या नेटवर्कचं त्याचं लॉगिन बाहेर गेलं.

तेरा दिवसांनी कुणीतरी ते लॉगिन वापरून संस्थेत शिरलं. आणखी दहा दिवसांनी र्‍यूक रॅन्समवेअर चालवलं गेलं. संस्थेकडे बॅकअप होता, पण तो अगदी ताजा नव्हता. आठवड्याभराचा संशोधन डेटा गेला आणि संगणक, सर्व्हर सगळं पहिल्यापासून उभं करावं लागलं.

या प्रकरणातला दोष मी एकट्या विद्यार्थ्यावर टाकणार नाही. लॉगिनला दुसऱ्या टप्प्याची पडताळणी असती तर चोरलेला पासवर्ड पुरला नसता, आणि ती लावणं संस्थेचं काम होतं. तरी एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. डेटा ज्यांचा गेला, त्यांतल्या बहुतेकांना क्रॅकचं नावही ठाऊक नसणार. लॅबमध्ये आपला लॅपटॉप फक्त आपला नसतो.

"पण ती स्क्रिप्ट तर ओपन आहे"

हुशार मुलांचा बचाव वेगळा असतो. ते म्हणतात, आम्ही कुठलाही एक्झी फाइल चालवत नाही. ॲक्टिव्हेशनची स्क्रिप्ट सगळ्यांना वाचता येते, त्यात व्हायरस नाही. हा मुद्दा उडवून लावण्यासारखा नाही. वाचता येणारा कोड बंद फाइलपेक्षा बरा, हे मी पुढे स्वतःच सांगणार आहे.

पण ती स्क्रिप्ट तुम्ही खरंच वाचता का? बहुतेक जण एक ओळ कॉपी करून पॉवरशेलमध्ये टाकतात. डिसेंबर २०२५ मध्ये नेमक्या याच सवयीचा फायदा घेतला गेला. एका लोकप्रिय ॲक्टिव्हेशन स्क्रिप्टच्या वेब पत्त्यातलं एक अक्षर गाळून कुणीतरी वेगळं डोमेन घेतलं आणि टायपिंगमध्ये चुकणाऱ्यांच्या संगणकावर मालवेअर उतरवलं. मूळ स्क्रिप्ट स्वच्छ होती, फरक एका अक्षराचा होता.

आणि समजा तुम्ही अक्षरही चुकला नाहीत, तरी सॉफ्टवेअर वापरायचा हक्क तुमच्याकडे येत नाही. ऑनलाइन तीन-चारशे रुपयांना मिळणाऱ्या "लाइफटाइम की"चंही तसंच. पैसे दिले म्हणून लायसन्स मिळालं असं होत नाही. अशा की बऱ्याचदा कुठल्यातरी संस्थेच्या किंवा योजनेच्या असतात आणि बाहेर विकल्या जातात.

मेथड्समध्ये काय लिहिणार?

आता मुख्य मुद्दा. पेपरच्या मेथड्स भागात सॉफ्टवेअरचं नाव आणि आवृत्ती लिहायची असते. ही औपचारिकता वाटते, पण नाही. २०१४ मध्ये नेचर प्रोटोकॉल्समध्ये एनएमआरचे केमिकल शिफ्ट काढायची एक पद्धत आली, सोबत पायथॉन स्क्रिप्ट होत्या. अनेकांनी त्या वापरल्या. २०१९ मध्ये हवाई विद्यापीठातल्या संशोधकांच्या लक्षात आलं की तोच डेटा वेगवेगळ्या ऑपरेटिंग सिस्टिमवर चालवला तर उत्तर बदलतं. कारण अगदी साधं निघालं. फाइल्सची यादी कुठल्या क्रमानं येईल हे सिस्टिमवर अवलंबून होतं आणि स्क्रिप्ट तो क्रम गृहीत धरत होती. त्यामुळे काही ठिकाणी चुकीच्या फाइल्सच्या जोड्या लागत होत्या.

ही चूक सापडली कशी? कोड उघडा होता आणि कुणीतरी तोच हिशेब दुसऱ्या संगणकावर करून पाहिला. विज्ञानात तपासणी म्हणतात ती हीच.

आता क्रॅकची गोष्ट घ्या. तुमच्या मशीनवरचं सॉफ्टवेअर कुणीतरी आतून बदललेलं आहे. काय बदललं, हे तुम्हाला माहीत नाही. अपडेट बंद ठेवावे लागतात, म्हणून कंपनीनं नंतर दुरुस्त केलेल्या चुका तुमच्याकडे तशाच राहतात. पीक फिटिंगचं उत्तर विचित्र आलं तर सपोर्टला विचारता येत नाही. रेफरीनं मूळ प्रोजेक्ट फाइल मागितली तर ती देताना तुम्ही दचकता. आकडे चुकलेच असतील असं मी म्हणत नाही. बहुधा ते बरोबरच असतील. पण "बहुधा"वर थिसिस उभा करायचा नसतो.

हक्क नसलेलं साधन वापरल्यामुळे प्रकाशित पेपर मागे गेल्याची उदाहरणं आहेत. रुग्ण औषधं वेळेवर घेतात का, हे मोजणारी मोरिस्की नावाची आठ प्रश्नांची प्रश्नावली आहे. ती लायसन्सशिवाय वापरणाऱ्या संशोधकांकडे पैसे मागितले गेले आणि काहींना पेपर मागे घ्यावे लागले. २०१७ मध्ये सायन्स नियतकालिकानं यावर लिहिलं होतं. आठ प्रश्नांसाठी एवढी किंमत लावणं मला पटत नाही. पण मागे घेतलेल्या पेपरवर नाव संशोधकाचं राहतं, किंमत लावणाऱ्याचं नाही.

कायदा थोडक्यात

कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३बी नुसार सॉफ्टवेअरची बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणं हा गुन्हा आहे. शिक्षा किमान सात दिवस ते तीन वर्षं कैद, आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड. वापर फायद्यासाठी किंवा धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कारणं नोंदवून कैद टाळू शकतं आणि दंड ५० हजारांपर्यंत ठेवू शकतं. २०१२ च्या दुरुस्तीनं कलम ६५ए आलं. हक्कभंगाच्या हेतूनं तांत्रिक कुलूप तोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. "एज्युकेशनल पर्पज" म्हटलं की सगळं माफ, असं कायद्यात कुठेही लिहिलेलं नाही. तरी तुरुंगाची भीती घालून हा विषय समजावू नये असं मला वाटतं. त्या भीतीनं कुणी क्रॅक सोडत नाही, फक्त लपवून वापरतो.

संस्थांनाही काही प्रश्न

सॉफ्टवेअर महाग आहे, ही तक्रार खरी आहे. नेट-जेआरएफला जानेवारी २०२३ पासून महिना ३७ हजार रुपये मिळतात. फेलोशिप नसलेल्याला काहीच मिळत नाही. बीएसए या सॉफ्टवेअर कंपन्यांच्या संघटनेच्या सर्वेक्षणात २०१७ साली भारतातलं ५६ टक्के सॉफ्टवेअर विनापरवाना होतं. आकडा विकणाऱ्यांचा आहे, म्हणून जरा हात राखूनच घ्यावा. पण अर्ध्याच्या आसपास लोक एखादी गोष्ट करत असतील तर ती फक्त त्या लोकांच्या नीतीची अडचण नसते.

केंद्र सरकारनं नोव्हेंबर २०२४ मध्ये वन नेशन वन सबस्क्रिप्शन मंजूर केलं. तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपये, ३० प्रकाशकांची सुमारे १३ हजार जर्नल्स, आणि लाभ सरकारी संस्थांतल्या जवळपास १.८ कोटी विद्यार्थी, शिक्षक, संशोधकांना. चांगलंच झालं. पण ही योजना जर्नल्सपुरती आहे. पेपर वाचायची सोय देश करतो, आणि तोच हिशेब स्वतः करून पाहायला लागणारं सॉफ्टवेअर ज्याचं त्यानं बघायचं.

विभागांचंही तसंच. प्रॅक्टिकलच्या जर्नलमध्ये एका कंपनीच्या सॉफ्टवेअरचं नाव छापायचं, लॅबमध्ये त्याची लायसन्स घ्यायची नाहीत, आणि मुलं कुठून आणतात ते विचारायचं नाही. हे मौन म्हणजे परवानगीच झाली. ॲडमिशन घेताना तुम्ही फेलोशिप विचारता, हॉस्टेल विचारता. एक प्रश्न आणखी विचारा: "सर, कुठल्या सॉफ्टवेअरचं लायसन्स लॅबकडे आहे?" या प्रश्नाचं उत्तर लॅबबद्दल बरंच काही सांगून जातं.

पर्याय, त्यांच्या उणिवांसकट

पर्यायांच्या याद्या भरपूर मिळतात. त्यांची खोड अशी की सगळंच "बेस्ट" असतं. म्हणून जिथे अडेल तेही सांगते.

सुरुवात घराजवळून. आयआयटी मुंबईत फॉसी हा प्रकल्प चालतो, केंद्राच्या शिक्षण मंत्रालयाच्या पैशांवर. मॅटलॅबऐवजी सायलॅब, सर्किटसाठी ई-सिम, केमिकल प्रोसेससाठी डीडब्ल्यूसिम, स्टील डिझाइनसाठी ऑसडॅग अशा मुक्त सॉफ्टवेअरवर तिथे काम होतं. पाठ्यपुस्तकांतल्या सोडवलेल्या उदाहरणांचे सायलॅब कोड विद्यार्थ्यांनीच लिहून ठेवलेत, शेकडो पुस्तकांचे. तिथल्याच स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पात लेटेक, पायथॉन, लिब्रेऑफिस यांचे छोटे धडे आहेत, आणि अनेक धडे मराठीतही. मीरा रोडहून पवई फार लांब नाही, पण आपल्या मुलांना क्रॅकची लिंक आधी सापडते आणि हे धडे नंतर, किंवा कधीच नाही.

ग्राफ आणि फिटिंगसाठी लॅबप्लॉट, साइडॅव्हिस किंवा पायथॉनचं मॅटप्लॉटलिब. माउसनं चटचट पीक फिट करायची ओरिजिनची सोय इथे तितकी नाही. पहिले दोन आठवडे वैताग येईल. पण पायथॉनमध्ये केलेला ग्राफ सहा महिन्यांनी जसाच्या तसा पुन्हा काढता येतो, कारण प्रत्येक पायरी लिहिलेली असते. सीनिअरच्या जुन्या ओरिजिन फाइल्स फक्त उघडायच्या असतील तर कंपनीचा ओरिजिन व्ह्यूअर मोफत आहे.

मॅटलॅब हवंच असेल तर आधी संस्थेच्या ईमेलनं लॉगिन करून पाहा. कॅम्पस लायसन्स असतं आणि विद्यार्थ्यांना ते माहीत नसतं, असं होतं. नसेल तर मॅटलॅब ऑनलाइनची मोफत आवृत्ती महिन्याला २० तास मिळते. जीएनयू ऑक्टेव्हमध्ये साधा कोड बहुतेक चालतो, खास टूलबॉक्सवर अवलंबून असलेला अडतो.

एसपीएसएसऐवजी जामोवी किंवा जास्प. इथे क्रॅक शोधण्याचं कारणच उरलेलं नाही. आर्कजीआयएसऐवजी क्यूजीआयएस, एंडनोटऐवजी झोटेरो, इमेजसाठी फिजी, आकृत्यांसाठी इंकस्केप. रिटवेल्ड रिफाइनमेंटला फुलप्रोफ किंवा जीसॅस-टू, स्फटिकरचना दाखवायला वेस्टा. क्वांटम केमिस्ट्रीला ऑर्का, शैक्षणिक वापरासाठी मोफत. यांतलं सगळंच मुक्त नाही. वेस्टा, ऑर्का यांच्या अटी वाचून घ्या आणि सांगितलेला संदर्भ थिसिसमध्ये द्या.

विंडोजसाठी एक साधी गोष्ट. लॅपटॉप विंडोज होमसकट घेतला असेल तर त्याचं लायसन्स बहुधा मशीनमध्येच नोंदलेलं असतं. दुकानदार फॉरमॅट करताना प्रो टाकतो, ते लायसन्स होमचं असल्यानं जुळत नाही, आणि मग ॲक्टिव्हेटर येतो. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून होम पुन्हा टाकलं तर बऱ्याचदा आपोआप ॲक्टिव्हेट होतं. मशीन खूप जुनं असेल तर लिनक्स मिंट. ऑफिससाठी संस्थेच्या ईमेलवर मायक्रोसॉफ्टची विद्यार्थी योजना मोफत मिळू शकते, नाहीतर लिब्रेऑफिस. फक्त गाइड वर्डमध्ये करेक्शन करत असतील तर फॉरमॅटिंग हलतं, हे धरून चाला.

रीतसर घेतलेलं लायसन्सही कायमचं नसतं, हे इथे सांगायला हवं. जून २०२० मध्ये अमेरिकेच्या निर्बंधांमुळे चीनमधल्या हार्बिनच्या दोन विद्यापीठांचं मॅटलॅब बंद झालं. पैसे भरलेले असूनही. म्हणून निदान एक तरी मुक्त साधन नीट हातात बसलेलं असावं.

आधीच टाकलेलं असेल तर

ॲक्टिव्हेटर नुसता अनइन्स्टॉल करून भागत नाही; त्यानं मागे काय ठेवलंय ते सांगता येत नाही. फक्त डेटा फाइल्स बाहेर काढा, प्रोग्रॅम किंवा इन्स्टॉलर सोबत नेऊ नका. डिस्क पुसून सिस्टिम नव्यानं टाका. पासवर्ड दुसऱ्या स्वच्छ मशीनवरून बदला. ईमेल आणि बँक आधी, आणि दोन्हींना दोन टप्प्यांची पडताळणी लावा. तो लॅपटॉप लॅबच्या नेटवर्कला जोडला असेल तर तिथल्या सिस्टिम ॲडमिनला सांगा. सांगायला अवघड जातं, पण वरच्या संस्थेत पासवर्ड चोरी आणि हल्ला यांच्यात तेवीस दिवस गेले होते. कुणी वेळेवर सांगितलं असतं तर तेवढे दिवस हातात होते. पैसे गेले असतील तर लगेच १९३० वर फोन करा.

आणि आज संध्याकाळी एक काम करा. एका कागदावर तुमच्या प्रोजेक्टला लागणाऱ्या प्रत्येक सॉफ्टवेअरचं नाव, आवृत्ती आणि ते कुठून आलं हे लिहा. तो कागद गाइडच्या टेबलावर न अडखळता ठेवता येईल का, ते बघा. जी ओळ खोडावीशी वाटेल, ते सॉफ्टवेअर आधी बदला. थिसिस लिहायला बसाल तेव्हा मेथड्सचा तेवढा भाग आयता तयार असेल.